मुलांच्या खेळातला माइक

(मंडळाच्या मासिक सभेत केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला सांगितले की, “या वेळी तुम्ही बोलायचे, आणि पापड-कुरडयांवर नाही, काही नवीन शिकला असाल त्यावर.” मी घाबरलेच. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. भाषण म्हणजे आपण खाली बसून ऐकायची गोष्ट, एवढीच माझी समजूत. परंतु गेल्या वर्षात मी एक गोष्ट खरोखरच नवीन शिकले. ती मुलांकडून शिकले, आणि शिकण्याआधी तिच्यापायी रडलेही. तेव्हा तीच तुमच्यापुढे मांडते.

मागच्या संक्रांतीच्या हळदीकुंकवाला माइक बंद करायचा राहिला आणि वाणाच्या वाट्यांबद्दल आपण मागे बसून जे कुजबुजलो ते साऱ्या मंडपाने ऐकले, हे तुम्हांला आठवत असेल. तुम्ही हसता आहात. तेव्हा मीही हसले होते. माझ्या घरी झाले ते ह्याच जातीचे, पण हसण्यासारखे नव्हते.

आमचा धाकटा नववीत आहे. संध्याकाळी अभ्यास झाला की कानात वायर घालून मधल्या खोलीत मोबाईलवर लढाईचा खेळ खेळतो. खेळाचे नाव मी सांगत नाही, कारण सगळ्यांची तऱ्हा थोड्याफार फरकाने सारखीच. हे खेळ एकट्याने खेळायचे नसतात. चार गड्यांची एक टीम असते. एक गडी आपल्या गल्लीतला, एक शेवगावचा, एक पुण्याचा, असे चौघे आपापल्या घरी बसून एकच डाव खेळतात. शत्रू कुठे लपला, कोणी कुठून जायचे, हे एकमेकांना सांगावे लागते. आट्यापाट्यांत गडी नाही का ओरडून सांगत, तसेच. त्यासाठी खेळातच बोलायची सोय असते. आपण बोललेले मोबाईलच्या माइकमधून जाते आणि डोळ्याचे पाते लवते न लवते तोच बाकीच्यांच्या कानात उतरते.

हे मला तेव्हा ठाऊक नव्हते. मला वाटे, पोरगा स्वतःशीच बडबडतो.

एके दिवशी संध्याकाळी हे आणि मी स्वयंपाकघरात बोलत होतो. मुलीची कॉलेजची फी भरायची होती, उसाचे पैसे यायचे होते, आणि माझ्या पाटल्या गहाण ठेवाव्यात की नाही ह्यावर आमची बोलाचाली झाली. ह्यांचा आवाज चढला, माझाही चढला. तेवढ्यात धाकटा वायर काढून पाणी प्यायला आला. मोबाईल तसाच मधल्या खोलीत, माइक चालू.

दुसऱ्या दिवशी दळण घेऊन गेले तर गिरणीवर गल्लीतल्या एक बाई हळूच म्हणाल्या, “वहिनी, पाटल्या नका हो गहाण टाकू. बचत गटातून काही जमते का बघू.” त्यांनी कुचेष्टेने नव्हे, आपुलकीने म्हटले. पण मला मेल्याहून मेल्यासारखे झाले. सख्ख्या जावेला न सांगितलेली गोष्ट ह्यांना कोणी सांगितली? त्यांच्या मुलाने. आणि त्याने ती खेळताना ऐकली. म्हणजे त्या क्षणी शेवगावात आणि पुण्यातही कोणीतरी ऐकलीच असणार. भिंतीला कान असतात असे आपण म्हणतो; आता त्या कानांना गावाची वेस राहिलेली नाही.

मी घरी आले, मोबाईल घेतला आणि गव्हाच्या कोठीत टाकला. पोरगा तीन दिवस माझ्याशी बोलला नाही. चौथ्या दिवशी म्हणाला, “आई, पुण्याचा गडी म्हणजे आपला मावसदादाच आहे. कंपनीतून सुटल्यावर तेवढा अर्धा तास तो आमच्याशी बोलतो. फोन केला तर ‘बरा आहे’ म्हणतो नि ठेवतो. खेळताना सगळं सांगतो.” माझ्या बहिणीचा तो मुलगा, एकटा खोली घेऊन राहतो. त्याच्या आईला जे कळत नव्हते, ते ह्या खेळातून माझ्या मुलाला कळत होते. मी कोठीतून मोबाईल काढला, गहू झटकले, आणि मुलीला म्हटले, “मला हे सगळे दाखव. कुठे बोलते, कुठे बंद होते, सगळे.”

ती बारावीत आहे. तिने मला शिकवले ते तुम्हांलाही सांगते. घरी जाऊन मुलांना विचारा.

पहिली गोष्ट, परवानगी. खेळ नवीन घातला की तो पहिल्यांदा बोलायच्या वेळी माइक वापरू का असे विचारतो. नाही म्हटले तर पोरगा कितीही ओरडला तरी पलीकडे काही ऐकू जात नाही. हो म्हणायचे झाल्यास ‘फक्त ॲप वापरताना’ एवढेच म्हणावे. हे मागाहूनही बदलता येते. मोबाईलच्या सेटिंगमध्ये ॲपची यादी असते, तीत त्या खेळाचे नाव, त्यात परवानग्या, आणि त्यांत माइक. अलीकडच्या अँड्रॉइड मोबाईलवर माइक चालू झाला की वरच्या कोपऱ्यात हिरवी खूण दिसते. ती मी आता दुधावरची साय बघावी तशी रोज बघते.

दुसरी गोष्ट, दोन चित्रे. खेळाच्या पडद्यावर बहुधा एक कर्ण्याचे आणि एक माइकचे अशी दोन चित्रे असतात. कर्णा ऐकण्यासाठी, माइक बोलण्यासाठी. त्यांवर बोट ठेवले की सहसा तीन वाटा निघतात: सर्वांसाठी, फक्त आपल्या टीमसाठी, आणि बंद. ‘सर्वांसाठी’ म्हणजे भर बाजारात उभे राहून बोलणे. जवळ आलेला परका गडीही ऐकतो. मुलांच्या मोबाईलवर दोन्ही ‘टीम’वर ठेवावीत, आणि जागेवरून उठताना माइक बंद. काही खेळांत बटण दाबून धरले तेवढाच वेळ आवाज जाईल अशीही सोय असते. आमच्यासारख्या मोठ्या आवाजाच्या घराला ती फार बरी!

तिसरी गोष्ट, टीम कोणाची. आपले गडी चारांपेक्षा कमी असले तर खेळ आपण होऊन अनोळखी गडी आणून भरतो. ते बंद करता येते. ओळखीच्यांना बोलावणे धाडून तेवढ्यांनीच खेळावे.

चौथी गोष्ट, वायर. मोबाईलचा आवाज मोठा ठेवून खेळले तर पलीकडच्याचा आवाज आपल्या माइकमधून परत त्याच्याकडे जातो आणि विहिरीत बोलल्यासारखा घुमतो. कानात वायर घातली की घुमणे थांबते. बिनवायरच्या इयरफोनवर आवाज किंचित उशिरा पोचतो, आणि माइक चालू केला की बरेचदा चोंदलेल्या नाकातून आल्यासारखा येतो. साधी वायरच बरी, आणि स्वस्तही. बंदुकांचा आवाज कमी करून बोलण्याचा वाढवावा, म्हणजे पोरांना ओरडावे लागत नाही.

पाचवी गोष्ट सगळ्यांत मोठी. कोणी वाईट बोलले तर त्याच्या नावाशेजारी त्याचा आवाज बंद करायची खूण असते, आणि त्याची तक्रार करायचीही. गाव, शाळा, फोन नंबर, आईबापांच्या मोबाईलवर आलेला ओटीपी, ह्यांतले काही कोणी विचारले तर डाव सोडून सरळ बाहेर पडायचे. पैशाची फसवणूक झाली तर १९३० ह्या नंबरावर लगेच कळवायचे; मूल कुठल्याही संकटात असेल तर १०९८.

इतके सगळे ती मला घडाघडा सांगत होती. मी सहज विचारले, “तुला गं हे इतके कसे ठाऊक?” तर म्हणाली, “मी पण खेळते ना.” मी म्हटले, “मग तुझा आवाज कधी ऐकला नाही.” ती म्हणाली, “मी माइक बंद ठेवूनच खेळते. आवाज मुलीचा आहे हे कळलं की काय काय बोलतात, तुला सांगता येणार नाही. मी मुकी खेळते.”

मुकी खेळते. भगिनींनो, हा शब्द माझ्या काळजात रुतला.

त्या रात्री मी धाकट्याला जवळ बसवले नि विचारले, “तुझ्या टीममध्ये कोणी मुलीला असे बोलले तर तू काय करतोस?” तो खाली मान घालून बसला. मग म्हणाला, “हसतो.”

मी त्याला मारले नाही. मला वाटले, ह्यात माझाही दोष आहे. आपल्या घरांतून, शेतांतून, एसटी स्टँडवर आईबहिणीवरून शिव्या चालतात आणि आपण पदर ओढून पुढे जातो. तीच शिवी पोराने कानात वायर घालून दिली तर ती मोबाईलने शिकवली असे कसे म्हणावे? ती आपल्या अंगणातूनच गेली.

आणि ह्या बाबतीत आपल्याच तालुक्याने एक गोष्ट करून दाखवली आहे. नेवासे तालुक्यातल्या सौंदाळा गावाच्या ग्रामसभेने नोव्हेंबर २०२४ मध्ये ठराव केला की, आईबहिणीवरून शिवी देईल त्याला ५०० रुपये दंड. त्याच गावाने संध्याकाळी ७ ते ९ मुलांच्या हाती मोबाईल न देण्याचेही ठरवले. सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगावने तर २०२२ पासून संध्याकाळी ७ वाजता भोंगा वाजवून दीड तास मोबाईल आणि टीव्ही बंद ठेवायची रीत पाडली. दोन्ही गावांना माझा नमस्कार. परंतु मला सौंदाळ्याच्या ठरावातला पहिला भाग अधिक मोलाचा वाटतो. मोबाईल बंद करणे सोपे आहे. सरकारने २ सप्टेंबर २०२० रोजी पबजी बंद केला. पुढच्या जुलैत तसाच खेळ दुसऱ्या नावाने आला. जुलै २०२२ मध्ये तोही मोबाईलच्या बाजारातून गेला आणि मे २०२३ मध्ये परत आला. खेळ असे येत-जात राहतील. तोंडातली शिवी मात्र कोणत्याही खेळात बरोबर जाते.

सौंदाळ्याने बायकांना घरात बसा म्हटले नाही. शिवी देणाऱ्याला तोंड आवर म्हटले. आपल्या घरांत नेमके उलटे होते. पोरगा वाईट बोलला तर ‘पोरंच ती’, आणि मुलगी नुसती बोलली तरी ‘तू कशाला बोलतेस?’ माझ्या मुलीने माइक बंद केला तो कोणाच्या सांगण्यावरून नव्हे. पण बंद करायला शिकली ती माझ्याकडूनच. चार माणसांत आवाज काढायचा नाही हे मी तिला परकऱ्या वयापासून सांगत आले. आपल्या जिल्ह्याला २०२४ मध्ये ज्यांचे नाव मिळाले, त्या अहिल्याबाई १७२५ साली इथल्याच चौंडीत जन्मल्या. त्यांनी राज्य चालवले, रयतेची गाऱ्हाणी ऐकली, न्याय सांगितला, तो मुकेपणाने नव्हे.

आमच्या घरी आता तीन नियम आहेत. खेळायचे ते अभ्यासानंतर, एक तास. माइक टीमपुरता, आणि उठताना बंद. शिवी कानावर आली तर हसायचे नाही. देणाऱ्याचा आवाज बंद करायचा, तक्रार करायची. तोच गडी पुन्हा बोलला तर डाव सोडायचा.

नियम केले म्हणजे सगळे सुधारले असे मी म्हणत नाही. पण महिन्याभरापूर्वीची गोष्ट. धाकटा, मावसदादा आणि मुलगी असे तिघे खेळत होते. मुलगी माइक चालू करून बोलत होती. चौथा गडी कमी होता म्हणून कोणीतरी अनोळखी घेतला, नियम मोडूनच. तिचा आवाज ऐकून तो घाणेरडे बोलला. तिने त्याचा आवाज बंद केला. त्याचा आवाज धाकट्याच्या कानात मात्र चालूच होता. डाव जिंकत आला होता. दोनच शत्रू उरले होते. मी दारात भाजी निवडत बसले होते. धाकट्याने मोबाईल खाली ठेवला आणि म्हणाला, “ताई, मी बाहेर पडलो.” पाठोपाठ पुण्याचाही पडला. मुलगीच चिडली, “अरे, जिंकत होतो की!” मी काही बोलले नाही. मेथीच्या काड्या पानांत पडल्या, त्या मागाहून वेचत बसले.

अनोळखी गडी असले तर ती आजही मुकीच खेळते. ते मला अजून टोचते. तो माइक एकट्या माझ्या घरातून उघडायचा नाही. तो तुमच्याही घरांतून उघडायचा आहे. म्हणून माझी विनंती एवढीच: आज घरी गेल्यावर मुलाच्या हातातून मोबाईल ओढून घेऊ नका. त्याच्याशेजारी बसा. म्हणा, “तुझा माइक दाखव. तुझ्याशी कोण बोलते, आणि तू कोणाशी कसा बोलतोस ते मला ऐकू दे.” पहिल्या दिवशी तो कंटाळेल. बसून राहा.

आणि त्या आधी स्वयंपाकघरातली बोलणी आटोपून घ्या!

पाटल्यांचे काय झाले असे तुमच्या मनात असेल. गिरणीवरच्या त्या बाईंचे मी ऐकले. फी बचत गटाच्या कर्जातून भरली, पाटल्या हातात आहेत, आणि त्या बाई आज पहिल्या ओळीत बसल्या आहेत. त्यांचे आभार मानते, आणि माझे दोन शब्द संपवते.