पार्श्वसंगीत हेही श्रमच

(नंदनवन, नागपूर येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेले भाषण)



मी आयुष्यभर अर्थशास्त्र शिकवले. संगीताचा मी केवळ श्रोता. तरीही आज पार्श्वसंगीतावर बोलण्याचे कारण अर्थशास्त्रीयच आहे.

नागराज मंजुळे यांचा ‘फँड्री’ (२०१३) आपण पाहिला असेल. डुक्कर हाती लागण्याच्या ऐन क्षणी शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते. कुटुंब निश्चल उभे राहते आणि डुक्कर निसटते. प्रेक्षकाला रडायला सांगणारा वाद्यमेळ तेथे घातला असता, तर प्रसंगाची धार बोथट झाली असती. कोठे वाजवू नये हे ओळखणे, हे या कलेतील निम्मे कौशल्य होय. या चित्रपटाचे पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचे. आपल्यापैकी कितीजणांना हे नाव ठाऊक होते?

नाव विस्मरणात जाते, तसा मोबदलाही. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला, की मोबदला देऊन करवून घेतलेल्या चित्रपटसंगीताचा पहिला मालक, विरुद्ध करार नसेल तर, निर्माताच. २०१२ च्या दुरुस्तीने संगीतकाराला स्वामित्वधनात समान वाटा दिला; मात्र चित्रपटगृहातील प्रदर्शन त्यातून वगळले. ही सुधारणा स्वागतार्हच. परंतु जो माहितीपट सभागृहात विनामूल्य दाखविला जातो, त्याचे स्वामित्वधन ते कोठले? शून्याचा निम्मा वाटा शून्यच! अशा संगीतकाराला जे मिळायचे ते काम करतानाच मिळाले पाहिजे.

आणि येथे आपण स्वतःकडे पाहिले पाहिजे. वेठबिगारीविरुद्ध आपण घोषणा देतो. पण चळवळीच्या माहितीपटासाठी पेटीवाल्याला ‘आपलेच काम आहे’ म्हणून फुकट बोलावतो. कॅमेऱ्याचे भाडे मात्र रोख मोजतो. पैसा थोडा आहे, हे मान्य. परंतु त्या टंचाईचा भार एकाच माणसाने का वाहावा? स्वेच्छेने दिलेले श्रमदान वेगळे आणि संकोचापोटी नाकारता न आलेले काम वेगळे.

म्हणून माझी सूचना साधी आहे. अंदाजपत्रकात संगीताचा खर्च आरंभीच धरा. करार लेखी करा. संगीताची मालकी संगीतकाराकडे ठेवा आणि माहितीपट दाखविण्याची मुभा संघटनेला घ्या. कायद्याला हे मंजूर आहे. फलकावर त्याचे नावही लिहा.

श्रमाला दाम मागणाऱ्यांनी तो प्रथम आपल्या घरात द्यावा, एवढेच माझे म्हणणे.