सायकलवरून पवनी दाखवायची तर
(महिला मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)

मागच्या सतरंजीवरच्या मावश्यांनो, आवाज येतो ना? येत नसेल तर हात वर करा, मी माईक सोडून तिकडे येते.

मला विषय दिलाय 'पर्यटनातून रोजगार'. हे दोन शब्द ऐकले की आपल्या डोळ्यांपुढे जिप्सी, जंगलाचं गेट आणि वाघ येतो. वाघ काही आपल्या हातात नाही. २०१३ मध्ये 'जय' नागझिऱ्याहून उमरेड-पवनी-कऱ्हांडल्यात आला आणि त्याच्यामागे माणसं आली. २०१६ च्या एप्रिलनंतर तो कुणाला दिसला नाही. वाघाच्या भरवशावर दुकान मांडलं की असं होतं. म्हणून मी वाघाबद्दल बोलणार नाही. मी गावाबद्दल बोलणार आहे, आणि सायकलबद्दल.

माझी लेक नेदरलँडला नोकरीला आहे. तिच्याकडे गेले तेव्हा तिनं मला आम्स्टरडॅम शहर सायकलवरून दाखवलं. म्हणजे तिनं नाही, एका गाइड बाईनं. हे तुम्हाला सांगते ते परदेशाची ऐट मिरवायला नाही. ती बाई काम कशी करत होती ते मी मास्तरणीच्या नजरेनं बघत होते, ते तुमच्या कामाचं आहे.

आम्ही दहा-अकरा जण होतो. निघायच्या आधी तिनं प्रत्येकाची सीट वरखाली करून दिली आणि मोकळ्या जागेत एक चक्कर मारायला लावली. तिथल्या बऱ्याच सायकलींना हँडलवर ब्रेक नसतो, पायडल उलटं दाबलं की चाक थांबतं. ते अंगवळणी पडेपर्यंत तिनं आम्हाला हलू दिलं नाही. मग ती पुढे, तिचा एक जोडीदार सगळ्यात मागे, मध्ये आम्ही एकामागे एक. चालत्या सायकलवरून ती एक अक्षर बोलली नाही. थांबायचं, सगळे आले का मोजायचं, मग बोलायचं. बोलणं पाच मिनिटांचं, की पुढचा थांबा.

आणि बोलली कशावर? मला वाटलं राजे-महाराजे, लढाया, सनावळ्या सांगेल. तिनं एका उंच, अरुंद घराच्या माथ्याकडे बोट केलं. तिथं एक लोखंडी आकडा होता. म्हणाली, हा कशाला असेल, सांगा. कुणी म्हणालं दिव्यासाठी, कुणी म्हणालं झेंड्यासाठी. तिनं सांगितलं, या घरांचे जिने इतके चिंचोळे की कपाट, पलंग वर जातच नाही. आकड्याला कप्पी लावायची, दोर सोडायचा आणि सामान खिडकीतून आत घ्यायचं. पूर्वी व्यापाऱ्यांची पोती अशीच माळ्यावर चढायची. त्यानंतर आम्ही गल्लीगल्लीत माना वर करून आकडेच शोधत होतो. शहर आमच्याशी बोलायला लागलं होतं. कालवे पाहिले, एका मोठ्या संग्रहालयाच्या इमारतीच्या पोटातून सायकलचा रस्ता जातो तिथून गेलो, रेल्वे स्टेशनच्या मागे फुकटच्या बोटीत सायकलीसकट चढलो. स्टेशनसमोर पाण्याखाली सात हजार सायकली ठेवायची जागा केली आहे, २०२३ मध्ये ती सुरू झाली. पण मला विचाराल तर लक्षात राहिला तो आकडा.

आता तुमच्यातली कुणीतरी मनात म्हणत असेल, "मॅडम, ते गोऱ्यायचं गाव. तिथं सारेच सायकलवर. इथं बाई सायकलवर निंगाली तं लोक का म्हणतील?"

तर ऐका. तिथंही हे आपसूक झालं नाही. पन्नास-साठ वर्षांपूर्वी त्या देशात मोटारी वाढल्या, रस्ते रुंद झाले, सायकलवाले बाजूला ढकलले गेले. १९७१ या एका वर्षात त्या छोट्याशा देशात रस्त्यावर तीन हजारांहून जास्त माणसं मेली, त्यात चारशेहून जास्त मुलं होती. मग आईबाप रस्त्यावर उतरले. आंदोलनाचं नावच होतं, 'मुलांच्या हत्या थांबवा'. त्याची पहिली अध्यक्ष मार्त्ये व्हान पुटेन ही एक तरुण आई होती. त्यांनी रस्ते अडवले, मुलांना खेळायला गल्ल्या बंद केल्या, सरकारच्या मागे लागले. आज तिथं लाल रंगाचे सायकलचे वेगळे रस्ते दिसतात ते त्या भांडणातून आलेत.

आणि इतकं लांब तरी कशाला जायचं? तामिळनाडूतला पुदुकोट्टई जिल्हा घ्या. आपल्यासारखाच, शेतमजुरीचा, मागास म्हणून मोजलेला. १९९० नंतरच्या दोन-तीन वर्षांत तिथं साक्षरतेची मोहीम चालली. जिल्हाधिकारी शीला राणी चुंकत या बाई होत्या. त्यांनी अक्षरओळखीच्या जोडीला सायकल शिकणं घातलं. शेतमजूर बाया, खाणीत दगड फोडणाऱ्या बाया, नर्सबाई, अंगणवाडीच्या ताया, हजारोंनी शिकल्या. लोकांनी टोमणे मारले, घाणेरडं बोलले. बायांनी चालवणं सोडलं नाही. दुकानातल्या लेडीज सायकली संपल्या तेव्हा त्यांनी दांड्याच्या जेन्ट्स सायकली घेतल्या, आणि वर म्हणाल्या की हेच बरं, दांड्यावर पोर बसतं. पत्रकार पी. साईनाथ यांनी हे सगळं तिथं जाऊन लिहून ठेवलं आहे.

आपल्याकडे तर घरोघरी सायकल आहे. मानव विकासची सायकल पोरीला आठवीत मिळते. बारावी झाली की ती गोठ्याला टेकवून ठेवतात, वर वैरणीचा भारा. माय मात्र बैठकीला पायी येते, तीही उशिरा, आणि वर दंड भरते.

आता पवनीकडे या. समजा, आठ पाहुणे आलेत. त्यांना काय दाखवाल?

मी हाच प्रश्न एका गटाला विचारला. उत्तर आलं, "देवळं आहेत, घाट आहे, धरण आहे." हे तर पाटीवरही लिहिलेलं असतं. आम्स्टरडॅमच्या बाईकडे एक आकडा होता. तुमच्याकडे काय आहे ते मी सांगते.

तुमचं गाव मातीच्या तटानं वेढलेलं आहे, उरलेल्या अंगाला वैनगंगा. हा तट आणि त्याबाहेरचा खंदक किल्ल्याच्या दगडी दरवाज्यापेक्षा कितीतरी जुना. आपण त्याला टेकाड म्हणतो, त्यावर शेळ्या चारतो. पाहुण्याला तिथं उभं करा आणि विचारा, ही माती इथं कुणी आणून टाकली असेल? बघा कसा गप्प होतो.

मग जगन्नाथ टेकडी. १९६९-७० मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणानं मिळून पवनीला खोदकाम केलं. शां. भा. देव आणि जगतपती जोशी हे त्याचे प्रमुख. देवळाखालच्या टेकडीत निघाला विटांचा बौद्ध स्तूप, मौर्य काळातला, पुढच्या काळात वाढवलेला. घेरानं सांचीच्या मोठ्या स्तूपाच्या तोडीचा. सुलेमान टेकडीतही असाच स्तूप मिळाला. म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वी लांबलांबून माणसं पवनीला येत होती. पर्यटन आपल्याकडे नवीन नाही!

त्या स्तूपाभोवती दगडी कठडा होता. त्याच्या खांबांवर, पट्ट्यांवर ब्राह्मी लिपीत दान देणाऱ्यांची नावं कोरलेली आहेत. दान राजांनीच दिलं असं नाही. साध्या उपासक-उपासिकांनी, भिक्खूंनी एकेक दगड दिला. आपण गटात शंभर-शंभर रुपये जमा करतो आणि वहीत नाव लिहितो ना, तशीच ती वही, फक्त दगडाची. हे तुम्ही सांगितलंत तर मुंबईची बाईसुद्धा विसरणार नाही. मी शाळेत सांगायचे तेव्हा पोरं घरी जाऊन आयांना सांगायची.

पुढे घाट, पंचमुखी गणपती (विदर्भाच्या अष्टविनायकांतला), कोष्ट्यांच्या गल्ल्या. पवनीचं बारीक सुताचं, रेशीमकाठी कापड एके काळी नावाजलेलं होतं. ज्या घरात अजून कुणा म्हातारीला माग आठवतो, तिला दोन मिनिटं बोलू द्या. ज्यांच्या पायात जोर आहे त्यांना रुयाडच्या महासमाधी भूमीच्या स्तूपापर्यंत न्या.

धरणाचं जरा वेगळं आहे. गोसीखुर्दचे ३३ दरवाजे बघायला लोक येतात, फोटो काढतात, जातात. पायाभरणी १९८८ ची. पण त्या पाण्याखाली गेलेल्या गावांतल्या सुना, लेकी आज आपल्याच गटांत आहेत. पुनर्वसनातल्या बाईनं स्वतःच्या तोंडानं सांगितलं, माझं आंगण कुठं होतं आणि आता पाणी कुठवर आहे, तर तो पाहुणा नुसता फोटो घेऊन जाणार नाही. सांगायचं की नाही हे मात्र तिनं ठरवायचं. आपण तिला पाहुण्यांपुढे उभी करायची नाही.

एक गोष्ट कडक सांगते. खोदकामात निघालं ते 'निघालं' म्हणून सांगा, लोक सांगतात ते 'लोक सांगतात' म्हणून सांगा. पवन राजाची गोष्ट जरूर सांगा, पण इतिहास म्हणून नको. पाहुण्यांत एखादा जाणकार असतोच, आणि एकदा का बाई थापा मारते असं झालं की पुढचं कुणी ऐकत नाही. काही दगड नागपूरच्या मध्यवर्ती संग्रहालयात आहेत. गटाची सहल काढायचीच असेल तर एकदा तिकडे काढा. आणि टेकडीवरची वीट कुणालाही उचलू द्यायची नाही, अगदी साहेब असला तरी.

आता पैशाचं. हा हिशेब मी अंदाजानं मांडलाय, तुम्ही आपल्या भावानं तपासा. आठ पाहुणे, माणशी अडीचशे, झाले २,००० रुपये. दोन सख्या, एक पुढे एक मागे, साडेतीनशे प्रमाणे ७००. नाश्ता दुसऱ्या गटाकडून, माणशी पन्नास, म्हणजे ४००. पंक्चर, तेलपाणी १५०. उरले ७५०. सायकली विकत घ्यायच्या म्हटल्या तर साडेपाच हजारांची एक, आठांचे ४४,०००. ते फिटायला ५९ फेऱ्या लागतील. नोव्हेंबर ते फेब्रुवारी आठवड्याला दोन फेऱ्या धरल्या तरी दोन हिवाळे गेले. म्हणून माझं मत ऐका: पहिल्या वर्षी एकही सायकल विकत घेऊ नका, आणि त्यासाठी प्रभागसंघाकडे कर्जही मागू नका. दुरुस्तीवाल्याकडून पन्नास रुपये भाड्यानं घ्या. आठांचे चारशे गेले तरी साडेतीनशे उरतात. नागपूरचे हौशी सायकलवाले तर आपापली सायकल घेऊनच फिरतात. त्यांना भाड्याची सायकल नको, रस्ता आणि गोष्ट हवी, आणि गरम काहीतरी खायला. सुरुवात त्यांच्यापासून करा.

खायला काय? पोहे सगळीकडे मिळतात. थंडीत तलावातले उकडलेले शिंगाडे द्या, लाखोळीच्या डाळीचे वडे द्या, जवसाची चटणी द्या. ढिवर समाजाच्या गटाला शिंगाड्याचं काम आधी विचारा.

पावसाळ्यात फेरी बंद. धरण वरच्या अंगाला, पवनी खालच्या अंगाला. दरवाजे उघडले की घाटावर पाणी कसं चढतं ते तुम्हाला मी काय सांगू. उन्हाळ्यात सकाळी साडेनऊच्या आत सायकली जागेवर. मोठ्या रस्त्यावर ट्रकांच्या मध्ये पाहुण्यांना न्यायचं नाही, आतल्या वाटेनं न्यायचं, मग दोन किलोमीटर जास्त पडले तरी चालेल.

राहिलं शिकण्याचं. वय विचारू नका, मला पन्नाशीतल्या बाया शिकताना माहीत आहेत. युक्ती सोपी आहे. दुरुस्तीवाल्याकडून दोन्ही पायडलं काढून घ्या, सीट इतकी खाली करा की दोन्ही पाय जमिनीला पुरते टेकतील. मग बसून पायांनी जमीन रेटत पुढे जायचं. मागून कुणी धरायचं नाही. दोन-तीन दिवसांत तोल सापडतो, पाय आपोआप उचलले जातात. तेव्हा पायडल लावायचं. साडीपेक्षा सलवार-कुडता बरा. साडीच असेल तर काष्टा घाला, नाहीतर पदर साखळीत जातो.

ज्यांना यायचं त्यांनी उद्यापर्यंत आपल्या गटाच्या सीआरपीताईकडे नाव द्या. शाळेच्या मैदानावर रविवारी सकाळी सहाला जमायचं. गोठ्यातली सायकल सोबत आणा, हवा भरायचा पंप मी आणते.