विमानप्रवास आणि लिथियम बॅटरी
(भाषणाचा मजकूर)



दाबोळी आणि मोपा येथील विमानतळांमुळे गोव्याच्या खेड्यापाड्यांत विमानप्रवास आता नवलाईचा राहिलेला नाही. कोणाचा मुलगा आखाती देशात नोकरीस आहे, तर कोणाची कन्या परदेशी शिकत आहे. त्यांच्या सामानात मोबाइल, लॅपटॉप, पॉवर बँक असतेच. आणि या प्रत्येक वस्तूत लिथियम बॅटरी असते. म्हणून तिच्या वाहतुकीचे नियम सर्वांनी समजून घेणे अगत्याचे आहे.

आकाराने लहान असलेल्या या बॅटरीत पुष्कळ ऊर्जा साठविलेली असते. आतील पातळ पडदा फाटला किंवा तिची दोन टोके किल्ली, नाणे अशा धातूने जोडली गेली, तर ती तापते. आतील ज्वालाग्राही द्रव पेटतो आणि एका घटाची उष्णता शेजारच्या घटास पेटविते. सामानकक्षातील अग्निशामक वायू ज्वाला दडपतो. परंतु घटातील उष्णता शमवू शकत नाही. ३ सप्टेंबर २०१० रोजी दुबईहून निघालेल्या एका मालवाहू विमानात आग लागली. त्या मालात लिथियम बॅटऱ्या मोठ्या संख्येने होत्या. विमान कोसळून दोन्ही वैमानिक मृत्युमुखी पडले.

यास्तव सुट्या बॅटऱ्या व पॉवर बँक हातसामानातच ठेवाव्यात; विमान कंपनीकडे सोपविलेल्या सामानात त्यांना मनाई आहे. ऐनवेळी हातातील बॅग सामानकक्षात मागितली गेली, तर त्या आधी काढून घ्याव्यात. सुट्या बॅटरीच्या टोकांना चिकटपट्टी लावावी. शंभर वॅट-तासांपर्यंतच्या बॅटरीस पूर्वपरवानगी लागत नाही. शंभर ते एकशे साठ वॅट-तासांसाठी विमान कंपनीची संमती आवश्यक असून अशा सुट्या बॅटऱ्या दोनच नेता येतात. त्याहून मोठी बॅटरी प्रवाशास नेता येत नाही. काही कंपन्यांचे नियम याहून कडक असतात. ते निघण्यापूर्वी विचारून घ्यावेत.

वॅट-तास काढणे सोपे आहे. मिलिअँपिअर-तासांना हजाराने भागून व्होल्टने गुणावे. २०,००० मिलिअँपिअर-तास आणि ३.७ व्होल्टची पॉवर बँक ७४ वॅट-तासांची ठरते. शिक्षकांनी हे उदाहरण वर्गात अवश्य सोडवून घ्यावे.

पार्सलाबाबत अधिक दक्षता हवी. १ एप्रिल २०१६ पासून सुट्या लिथियम-आयन बॅटऱ्या प्रवासी विमानातून माल म्हणून पाठविण्यास बंदी आहे. मालवाहू विमानातूनही त्या तीस टक्क्यांहून अधिक भारित असता कामा नयेत. तेव्हा खाऊच्या वा कपड्यांच्या गाठोड्यात बॅटरी लपवून 'घरगुती सामान' असे लिहिणे हा शेकडो जिवांशी खेळ होय. फुगलेली किंवा पिचलेली बॅटरी तर विमानाने मुळीच धाडू नये.

प्रवासात मोबाइल आसनाच्या फटीत पडल्यास आसन हलवू नये. यंत्र चेपून पेट घेऊ शकते. तो न शोधता तत्काळ कर्मचाऱ्यांस सांगावे. उपकरण तापल्यास वा धूर दिसल्यासही हेच करावे. आग नजरेसमोर असेल तर कर्मचारी ती विझवून, पाण्याने बॅटरी थंड करू शकतात. सामानकक्षात मात्र उड्डाणात कोणाचा हात पोहोचत नाही. हातसामानाच्या नियमाचे मर्म हेच आहे, आणि प्रवासास निघणाऱ्या प्रत्येकास घरच्यांनी ते सांगून ठेवावे.