राईनपाड्याचा खटला



राईनपाडा हे साक्री तालुक्यातलं आदिवासी गाव, आमच्या पिंपळनेर पोलीस ठाण्याच्या हद्दीतलं. १ जुलै २०१८, रविवार, आठवडे बाजाराचा दिवस. सोलापूरच्या मंगळवेढा भागातले नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण भिक्षा मागत तिथे आले होते. मुलं पळवणारी टोळी फिरतेय, ही अफवा त्या दिवसांत मोबाइलवरून गावोगाव पोहोचली होती. जमावाने या पाचांना गाठलं, ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडलं आणि जीव जाईपर्यंत मारलं. घरून निघालेला भिक्षेकरी आपलं गाव सांगू शकतो, नातलगांची नावं सांगू शकतो. ते ऐकून घ्यायला त्या खोलीत कुणी थांबलं नाही.

खटला धुळ्याला चालला. २०२४ साली सात जणांना जन्मठेप झाली. एवढा मोठा जमाव आणि शिक्षा सातच जणांना, असं लोक कळवळून म्हणतात. मलाही ते सलतं. पण कायद्याला जमाव दिसून भागत नाही. अमुक माणूस त्यात सामील होता, नुसता बघ्या नव्हता, हे एकेकाबद्दल सिद्ध करावं लागतं. आणि ती साक्ष द्यायची कुणी? त्याच पाड्यातल्या शेजाऱ्यांनी.

पुराव्याची ही चाळणी सैल केली तर काय होतं, हे महायुद्धानंतरच्या जपानने पाहिलं. १९४८च्या डिसेंबरात हितोयोशी इथे एका दांपत्याचा खून झाला. मेंडा साकाए या तेवीस वर्षांच्या तरुणाला पोलिसांनी पकडलं, छळ करून कबुली लिहून घेतली. त्या रात्री आपण दुसरीकडे होतो, हे त्याचं म्हणणं कोर्टानेही मानलं नाही. फाशी सुनावली गेली. १९८३मध्ये फेरखटल्यात तो निर्दोष ठरला, तोवर चौतीस वर्षं तुरुंगात गेली होती.

म्हणून पुराव्याला लागणारा वेळ मला मान्य आहे. मात्र तारखांमध्ये जाणारा वेळ मान्य नाही. राईनपाड्यानंतर अवघ्या सोळा दिवसांनी, १७ जुलैला, सर्वोच्च न्यायालयाने झुंडबळीचे खटले रोजच्या रोज चालवून शक्यतो सहा महिन्यांत संपवा, असं सांगितलं होतं. इथे पाच वर्षांहून जास्त लागली. मेलेल्यांची कुटुंबं पालांवर राहणारी, भिक्षेवर जगणारी. त्यांना मंगळवेढ्याहून धुळ्याला यायचं म्हणजे त्या दिवसांची चूल बंद. साक्षीदाराचा आणि नातलगाचा येण्याजाण्याचा, राहण्याचा खर्च सरकारने तारखेआधी त्यांच्या हातात ठेवला पाहिजे.