घराचा हप्ता आणि घराची खरी किंमत
(संस्थेच्या येरवडा येथील पालक मेळाव्यात दिलेले व्याख्यान)



चिटणीस साहेबांनी मला निमंत्रण दिले, तेव्हा मी शिक्षणाच्या महत्त्वावर चार शब्द बोलेन अशी त्यांची अपेक्षा असावी. परंतु शिक्षणाचे महत्त्व आपणांस पटलेले आहे. ते पटले नसते तर आपण रविवारची सुटी सोडून येथे आला नसता. अडचण दुसरीकडे आहे. फी का राहिली असे वर्गशिक्षकांनी विचारले, की पालक संकोचाने सांगतात, "सर, या महिन्यात घराचा हप्ता गेला." बारावीनंतर मुलाला दुकानात का बसवले, मुलीचे कॉलेज का थांबले, असे विचारावे, तर उत्तर तेच. म्हणून आज मी घराच्या हप्त्यावर बोलणार आहे, आणि मला वाटते, हे शिक्षणावरचेच बोलणे आहे.

प्रथम माझी एक चूक कबूल करतो. मी पस्तीस वर्षे शाळेत गणित शिकवले. सरळव्याज आणि चक्रवाढव्याज हे धडे तर मला तोंडपाठ. १९९६ साली मी घरासाठी दोन लाख रुपयांचे कर्ज काढले. त्या काळी दर पंधरा टक्क्यांच्या आसपास असे. माझी मुदत पंधरा वर्षांची होती. मी कचेरीत एकच प्रश्न विचारला, "हप्ता किती?" उत्तर आले, "दोन हजार आठशे." पगारात बसतो एवढे पाहिले आणि सही केली. पाच वर्षे एकही हप्ता चुकवला नाही. एक लाख अडुसष्ट हजार रुपये भरून झाले होते. आता थोडेच उरले असेल अशा समजुतीने चौकशीला गेलो, तर शिल्लक कर्ज एक लाख त्र्याहत्तर हजार! पाच वर्षांत मुद्दल फिटले होते अवघे साडेसव्वीस हजार. मला वाटले, कारकुनाची चूक झाली. घरी येऊन वही काढली, रात्री अकरापर्यंत आकडेमोड केली. कारकुनाचे बरोबर होते. जे गणित मी मुलांना फळ्यावर शिकवत होतो, ते स्वतःच्या घरासाठी कधी मांडलेच नव्हते.

ते गणित आज आपण सर्वांनी मिळून मांडू. समजा, एका कुटुंबाने तीस लाखांचे कर्ज साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. मासिक हप्ता येतो सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या महिन्याचे व्याज काढणे सोपे आहे. तीस लाखांचे साडेआठ टक्के म्हणजे वर्षाला २,५५,००० आणि महिन्याला २१,२५०. म्हणजे पहिल्या हप्त्यातील २१,२५० रुपये व्याजात गेले आणि मुद्दलात पडले केवळ ४,७८५. पुढच्या महिन्यात मुद्दल तेवढे कमी, म्हणून व्याज किंचित कमी, आणि मुद्दलाचा वाटा किंचित अधिक. घटत्या शिल्लकीवर व्याज म्हणतात ते हेच. यात फसवणूक नाही, पण ही चाल सुरुवातीला फार संथ असते. पाच वर्षांत भरणा होतो १५ लाख ६२ हजारांचा. त्यातून मुद्दल फिटते साडेतीन लाखांच्या आसपास. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. दहावे वर्ष संपले म्हणजे अर्धे कर्ज संपले, ही आपल्यापैकी बहुतेकांची समजूत चुकीची आहे.

वीस वर्षांत एकूण भरणा होतो साडेबासष्ट लाखांचा. त्यात व्याज साडेबत्तीस लाख, म्हणजे मुद्दलाहून अधिक.

आता मुदत बदलून पाहा. तेच तीस लाख, तोच दर.

पंधरा वर्षे: हप्ता २९,५४२, एकूण व्याज सुमारे २३ लाख.
वीस वर्षे: हप्ता २६,०३५, एकूण व्याज सुमारे साडेबत्तीस लाख.
तीस वर्षे: हप्ता २३,०६७, एकूण व्याज सुमारे ५३ लाख.

विसाची मुदत तिसावर नेली, तर महिन्याला तीन हजार रुपयेही पुरते वाचत नाहीत आणि व्याज मात्र वीस लाखांनी वाढते. उलट, विसाची मुदत पंधरावर आणली तर महिन्याला साडेतीन हजार जास्त जातात आणि नऊ लाखांहून अधिक वाचतात. एका मुलाचे पदवीचे शिक्षण त्यात सहज होते. "हप्ता कमी बसवून देतो," असे कोणी गोड शब्दांत सांगितले, की मुदत किती वाढली हे आधी विचारावे.

येथे दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर मी आपणांस उगाच घाबरवल्यासारखे होईल. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो. हप्ता तोच राहतो, पगार वाढत जातो, आणि भाडेही वाचते. ज्याच्या हाती रोख रक्कम नाही त्याला कर्जाशिवाय घर होत नाही, हे मलाही ठाऊक आहे. माझे घरही कर्जातूनच झाले. कर्ज काढू नका असे मी म्हणत नाही. किंमत समजून काढा, एवढेच म्हणतो.

दुसरी गोष्ट दराची. आजकालची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर वाढला की आपला दर वाढतो. मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत हा दर चार टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला. समजा, त्यापूर्वी कोणी तीस लाख सात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले, हप्ता २३,२५९. एक वर्षाने दर साडेनऊ झाला, पण हप्ता तोच ठेवला. तर त्या महिन्याचे व्याजच होते २३,१८५! मुद्दलात पडले जेमतेम पाऊणशे रुपये. हप्ता वाढला नाही म्हणून घरात कोणाला काही कळत नाही. मुदत मात्र वर्षानुवर्षे लांबते. काहींची तर निवृत्तीच्याही पलीकडे गेली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश काढला, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, याची निवड कर्जदाराला द्यावी आणि दर तिमाहीस किती मुद्दल, किती व्याज वसूल झाले व किती हप्ते उरले याचे विवरण द्यावे. हे विवरण वाचत चला. २०२५ मध्ये दर खाली आले. अशा वेळी हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करून घ्यावी.

तिसरी गोष्ट 'टक्का' या शब्दाची. बाजारात कोणी म्हणतो, "दोन टक्क्यांनी पैसे देतो." बँकेचे साडेआठ आणि याचे दोन, तेव्हा हाच स्वस्त, असे भोळ्या माणसास वाटते. बाजारातील दोन टक्के महिन्याचे असतात, म्हणजे वर्षाचे चोवीस. दुसरी गंमत 'फ्लॅट' दराची. एक लाख रुपये, पाच वर्षे, दहा टक्के फ्लॅट. हप्ता अडीच हजार. यात आपण मुद्दल फेडत गेलो तरी व्याज शेवटपर्यंत पूर्ण लाखावर लागते. घटत्या शिल्लकीच्या हिशेबाने हा दर सव्वासतरा टक्के पडतो. घराच्या उरलेल्या रकमेसाठी अशी उसनवारी झाली, तर तीच सर्वांत महाग ठरते.

आपल्या येरवड्यातीलच उदाहरण घ्या. जवाहरलाल नेहरू नागरी पुनरुत्थान योजनेखाली २००९ नंतर येथील काही वस्त्यांत राहत्या जागीच कच्ची घरे पाडून २७० चौरस फुटांची पक्की घरे उभी राहिली. सरकारचे अनुदान मोठे होते. कुटुंबाने द्यायचा हिस्सा खर्चाच्या सुमारे दहावा. महिला मिलनच्या बायका रोजच्या बचतीची सवय लावत होत्या, म्हणून अनेकींना तो हिस्सा पेलला. घराची किंमत कशाने कमी होते, ते या बायकांकडून शिकावे: सुरुवातीला स्वतःचे जितके घालाल, तितके कर्ज कमी आणि तितके व्याज कमी.

कागद न वाचण्याची किंमत आपल्या जिल्ह्याने पूर्वी मोजलेली आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची दुकाने लुटली आणि कर्जाचे रोखे जाळले. ज्या कागदावर आपला अंगठा आहे त्यात काय लिहिले आहे, हे त्यांतील कित्येकांना वाचता येत नव्हते. पुढे १८७९ च्या कायद्याने कर्जाचे कागद निबंधकासमोर करावेत आणि पावती व हिशेब कुळाला मिळावा, अशी तरतूद केली. जुन्या हिंदू कायद्यात 'दामदुपट' म्हणून एक नियम होता: एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून अधिक होता कामा नये. आजचे गृहकर्ज हा नियम कधीच मोडत नाही, कारण व्याज महिन्याच्या महिन्याला थोडेथोडे जाते. थोडेथोडे गेल्यामुळेच ते मुद्दलाहून अधिक झाले, हे आपल्या ध्यानात येत नाही.

आता एका नाजूक गोष्टीकडे येतो. व्याज देणे-घेणे याविषयी आपल्यापैकी अनेकांच्या मनात धर्माचा प्रश्न आहे. तो लहान नाही, आणि त्याचे उत्तर देण्याचा माझा अधिकार नाही. ते आपण जाणकारांना विचारावे. मी गणिताचा माणूस. बिनव्याजी बँकव्यवहाराची शिफारस रघुराम राजन समितीने २००८ साली केली होती. पण तो प्रस्ताव पुढे न नेण्याचे रिझर्व्ह बँकेने ठरवल्याचे २०१७ मध्ये स्पष्ट झाले. तेव्हा जे बँकेपासून दूर राहतात, ते पुष्कळदा बिल्डरच्या हप्त्यांवर किंवा ओळखीच्या उसनवारीवर घर घेतात. त्यांनीही हेच गणित मांडावे. रोखीची किंमत किती आणि हप्त्यांची किंमत किती, हे लेखी मागावे. दोहोंतील फरकाला काहीही नाव दिले, तरी तो आपल्याच खिशातून जातो.

सही करण्यापूर्वी पाच गोष्टी कराव्यात.

पहिली, हप्त्याआधी एकूण भरणा विचारावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत मुख्य तथ्यांचे विवरण देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्कांसह खरा वार्षिक दर असतो, परतफेडीचा तक्ताही असतो. तो मागून घ्यावा.

दुसरी, घराच्या किमतीवरचा खर्च वेगळा धरावा. पुण्यात स्टँप ड्युटी सात टक्क्यांच्या घरात आहे. खरेदी महिलेच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत मिळते. नोंदणी, प्रक्रिया शुल्क, विमा, सोसायटीचा देखभाल खर्च, मिळकत कर हे निराळे. विमा गळ्यात मारला जात असेल, तर तो सक्तीचा आहे का, हे लेखी विचारावे.

तिसरी, जमेल तेव्हा थोडे जास्त भरावे. पहिल्या उदाहरणात वर्षाला केवळ एक हप्ता जादा भरला, तर वीस वर्षांचे कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटते आणि सहा लाखांहून अधिक वाचतात. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँकांना मुदतपूर्व फेडीचा दंड लावता येत नाही. हा नियम २०१२ पासून आहे.

चौथी, हप्ता ठरवताना मुलांच्या फीचे पैसे आधी बाजूला काढावेत आणि उरलेल्यात हप्ता बसवावा. आपण नेमके उलटे करतो.

पाचवी, कर्ज फिटल्यावर मूळ कागद परत घ्यावेत. तीस दिवसांत ते मिळाले पाहिजेत. सावकार संस्थेच्या दोषामुळे उशीर झाला, तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई, असा नियम डिसेंबर २०२३ पासून आहे.

विद्यार्थी मित्रांनो, शेवटी तुमच्याशी बोलतो. नववी-दहावीच्या मुलामुलींना हे गणित येते. आज घरी जा, अब्बांना किंवा अम्मींना अदबीने विचारा, "आपल्या कर्जाचा कागद दाखवाल का?" शिल्लक रकमेला दराने गुणा, बाराने भागा, आणि या महिन्याच्या हप्त्यातले किती रुपये मुद्दलात पडले ते त्यांना सांगा. आणि पालकांनो, मुलाने विचारले तर रागावू नका, "तुला काय करायचंय?" म्हणू नका. माझ्या घरी वही निघाली, ती पाच वर्षे उशिरा. तुमच्या घरी ती आज रात्री निघावी, एवढीच माझी इच्छा आहे.