बंदी उठल्यानंतरचा दिग्दर्शक



अध्यक्षीय भाषणात साऱ्या चित्रपटमाध्यमाचा आढावा घ्यावा, असा रिवाज आहे. तो मोडून मी आज एकाच दिग्दर्शकाविषयी बोलणार आहे: रोमानियाचा लुचियन पिंतिलिये.

त्याचा जन्म १९३३चा, बेसारेबियातला. नाव झालं ते आधी रंगभूमीवर. १९६८ साली त्यानं 'द रीएनॅक्टमेंट' केला. दारूच्या नशेत मारामारी केलेली दोन पोरं. दारूचे दुष्परिणाम दाखवणारी शिक्षणपर फिल्म बनवायची म्हणून सरकारी माणसं त्यांना घटनास्थळी आणतात आणि तीच मारामारी कॅमेऱ्यासमोर पुन्हा करायला लावतात. सरकारी वकील निवांत वेळ काढतो, शिपाई हुकूम सोडतो, पलीकडच्या स्टेडियममधून मॅचचा गलका येत राहतो. मारामारी खोटी वाटते, म्हणून पुन्हा करा, आणखी जोरात करा. शेवटी ठोसा खरा बसतो आणि एक पोरगा जिवानिशी जातो.

१९७०मध्ये हा चित्रपट मोजक्या पडद्यांवर झळकला आणि लवकरच उतरवला गेला. १९७२ साली त्यानं बुखारेस्टच्या बुलांद्रा थिएटरमध्ये बसवलेलं गोगोलचं 'इन्स्पेक्टर जनरल' तीन प्रयोगांनंतर सरकारनं बंद पाडलं. मग त्याची नाटकं पॅरिसमध्ये आणि अमेरिकेत होऊ लागली. मायदेशात पुन्हा एक चित्रपट केला, तोही अडकला. हे दोन्ही चित्रपट मोकळे झाले ते कम्युनिस्ट राजवट उलथवणाऱ्या १९८९च्या क्रांतीनंतर.

आपण समीक्षक बहुतेकदा इथंच थांबतो. बंदी आली की कलाकृतीभोवती वलय येतं आणि त्या वलयाच्या उजेडात आपण लेख लिहून मोकळे होतो. माझं म्हणणं एवढंच, की बंदी हे सरकारचं कर्तृत्व आहे. दिग्दर्शकाचं कर्तृत्व पाहायचं तर बंदी उठल्यावर त्यानं काय केलं, ते पाहा.

साठीच्या उंबरठ्यावर पिंतिलिये परतला. स्वतःवरच्या अन्यायाची कैफियत मांडायला त्याच्याइतका हक्कदार दुसरा नव्हता आणि ऐकणारेही भरपूर होते. त्यानं १९९२ साली 'द ओक' केला. त्याची नायिका नेला ही बळी पडलेल्याची लेक नाही. तिचा बाप गुप्त पोलिसांतला, सेकुरिताते नावाच्या यंत्रणेतला. हुकूमशहा चाउशेस्कूच्या अखेरच्या वर्षांतल्या त्या मोडक्या देशात ती बापाची राख कॉफीच्या बरणीत घेऊन हिंडते. बापावरची माया सुटत नाही आणि बाप कोण होता हेही टळत नाही. २००१च्या 'आफ्टरनून ऑफ अ टॉर्चरर'मध्ये तर छळ करणारा म्हाताराच आपले गुन्हे कबूल करायला बसलाय, आणि ऐकण्यात कुणालाच रस नाही. दडपशाही फक्त 'वरच्यांची' होती, हा दिलासा पिंतिलिये प्रेक्षकाला देत नाही. बंदी घातलेल्या त्या पहिल्या चित्रपटातही शिपाई आणि वकील राक्षस नव्हते. कंटाळलेले, नेमून दिलेलं उरकणारे लोक होते. वीस वर्षांनी त्याला बोलायची मुभा मिळाली, पण त्याची नजर बदलली नाही.

१९९८ साली 'टर्मिनस पॅराडाइस'ला व्हेनिसमध्ये ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळालं. मला त्याहून मोलाची वाटते ती २००३मधली गोष्ट. सत्तरीला टेकलेल्या या माणसानं 'निकी अँड फ्लो'ची पटकथा क्रिस्ती पुइयू आणि रझ्वान रादुलेस्कू या तरुणांकडून घेतली. दोनच वर्षांनी याच जोडीच्या लेखणीतून 'द डेथ ऑफ मिस्टर लाझारेस्कू' आला आणि नव्या रोमानियन सिनेमाकडे जगाचं लक्ष गेलं. २०१८ साली पिंतिलिये गेला, तोवर ती पिढी नावारूपाला आली होती.

तेव्हा फिल्म क्लब चालवणाऱ्यांना माझी एक विनंती आहे. बंदी आलेला चित्रपट जरूर दाखवा, पण त्याच महिन्यात त्याच दिग्दर्शकाचा बंदीनंतरचा चित्रपटही लावा आणि चर्चा दुसऱ्या खेळानंतर ठेवा. पहिल्या खेळाला टाळ्या सहज पडतील. वाद व्हायला हवा तो दुसऱ्यावर.