जिभेची उंची आणि हळर्णचा 'अ'

आरशासमोर उभे राहून 'ई', 'ए', 'आ' हे स्वर सावकाश उच्चारावेत. जबडा पायरीपायरीने खाली येतो आणि त्याबरोबर जीभही उतरते. 'ई' म्हणताना जिभेचा पुढचा भाग टाळूच्या अगदी जवळ असतो, 'ए' म्हणताना तो मध्यावर येतो, तर 'आ' म्हणताना जीभ खाली पडून राहते. 'ऊ' आणि 'ओ' यांतही हाच चढउतार असतो. तेथे मात्र जिभेचा मागचा भाग उचलला जातो व ओठ गोल होतात. कंठातून येणारा नाद एकच; मुखाच्या पोकळीचा आकार बदलला की त्याचा स्वर बदलतो. 'महा' आणि 'इंद्र' मिळून 'महेंद्र' होतो, तेव्हा खालचा 'आ' व वरचा 'इ' यांची गाठ मधल्या 'ए'वर पडते.

बाराखडीतील पायऱ्या मोजक्या आहेत. जीभ मात्र त्यांच्या मध्येही थांबू शकते. कोकणीत 'ए' आणि 'ओ' हे प्रत्येकी दोन उंचींवर उच्चारले जातात, पण देवनागरीत त्यांना चिन्ह एकेकच आहे. गोमंतकातील कोकणीचा 'अ'ही मराठी 'अ'पेक्षा ओकाराकडे झुकतो. म्हणूनच देवनागरीत 'घर' असा लिहिला जाणारा शब्द रोमन लिपीतील कोकणीत ओकाराच्या अक्षराने लिहितात.

पेडणे तालुक्यातील हळर्ण गावाचे नाव याच दृष्टीने पाहण्याजोगे आहे. तेथील किल्ला पोर्तुगीजांनी इ. स. १७४६ मध्ये घेतला आणि 'हळर्ण'चे 'आलोर्ना' झाले. 'ह' आणि 'ळ' हे ध्वनी पोर्तुगीज भाषेत नाहीत. त्यामुळे एक गळाला व दुसऱ्याचा 'ल' झाला. मधल्या अकाराचा ओकार मात्र बहुधा गावकऱ्यांच्याच उच्चारातून आला असावा. किल्ला घेणाऱ्या व्हाइसरॉयला पुढे 'आलोर्नाचा मार्क्विस' हा किताब मिळाला. त्याची नात लिओनोर द आल्मेदा (१७५०–१८३९) ही कवयित्री पोर्तुगीज साहित्यात त्याच किताबाने ओळखली जाते. हळर्णचा हा स्वर असा लिस्बनपर्यंत पोहोचला.

पेडणे-डिचोलीकडील घरी कोकणी बोलणारे मूल शाळेत मराठी वाचू लागते, तेव्हा त्याचा 'अ' कधीकधी गोल येतो. त्याला 'अशुद्ध' म्हणून हिणवले, तर ते वर्गात तोंड उघडेनासे होते. वास्तविक त्याच्या वाचेत काही उणे नसते. आईकडून ऐकलेल्या जागी त्याची जीभ थांबते, एवढेच. शिक्षकाने ओठ किती सैल सोडावेत व जीभ कोठे ठेवावी हे करून दाखवावे. मूल मराठीचा 'अ' लवकर उचलते आणि घरचाही त्याच्यापाशी राहतो.